मैदानाच्या कडेला उभा असलेला माणूस : लेवांडोवस्की, नेव्हिल डिसूझा आणि रहीम मास्तर

पाथरीहून मी बोलतोय. ज्यांना हेडफोन लावून ऐकायला जमत नाही, ज्यांची बसमध्ये रेंज जाते, त्यांच्यासाठी दर वेळेसारखा हा पूर्ण भाग लिहून टाकतोय. जसं बोललो तसंच ठेवलंय, फक्त मधलं ‘अं... अं...’ काढून टाकलंय.

आजचा विषय फुटबॉल. पण गोल मारणाऱ्याबद्दल कमी आणि मैदानाच्या कडेला उभं राहून ओरडणाऱ्या माणसाबद्दल जास्त. म्हणजे कोच किंवा मॅनेजर. हा माणूस नक्की करतो काय? बॉलला तर पाय लावत नाही. मग जिंकलं की त्याची पाठ का थोपटतात, आणि हरलं की पहिली नोकरी त्याचीच का जाते?

सुरुवात एका भांडणापासून करू.

चार दिवसांचं भांडण

जून २०२५. पोलंडचा रॉबर्ट लेवांडोवस्की तुम्हाला माहीतच आहे. निम्म्या पोरांच्या मोबाईल गेममध्ये त्याचं कार्ड असतं. तोपर्यंत पोलंडसाठी १५८ सामने, ८५ गोल. त्या देशात त्याच्याएवढे सामने कुणी खेळलं नाही, त्याच्याएवढे गोल कुणी मारले नाहीत. सीझन संपवून थकलेल्या लेवांडोवस्कीनं जूनच्या सामन्यांतून विश्रांती मागितली. ८ जूनला पोलंडचा कोच मिखाऊ प्रोबिएश यानं त्याचं कप्तानपद काढून पिओत्र झिएलिन्स्कीला देऊन टाकलं. हा निरोप लेवांडोवस्कीला मिळाला फोनवर. त्यानं लगेच जाहीर केलं, की हा माणूस कोच आहे तोपर्यंत मी देशासाठी खेळणार नाही.

दोन दिवसांनी, १० जूनला, पोलंड हेलसिंकीत फिनलंडकडून २–१ हरला. १२ जूनला प्रोबिएशनं राजीनामा दिला. पुढे यान उर्बान नावाचा नवा कोच आला आणि सप्टेंबरमध्ये लेवांडोवस्की परत संघात दिसला.

आता याचा अर्थ काय लावायचा? सोपा अर्थ असा, की मोठा खेळाडू जिंकला आणि कोच हरला. मला तो अर्थ पटत नाही. कागदावर प्रोबिएशला पूर्ण अधिकार होता. पोलिश भाषेत देशाच्या संघाच्या कोचला शब्दच ‘सेलेक्त्स्योनेर’ असा आहे, म्हणजे निवड करणारा. कोण खेळणार, कोण बाहेर बसणार, कप्तान कोण, सगळं त्याच्या हातात. त्याच्याकडे नव्हतं ते नातं. आणि नातं नसलं, की नुसत्या अधिकारावर किती दिवस भागतं, ते आपण मोजलं : चार दिवस.

क्रिकेटवाल्यांसाठी थोडं सोपं करून

आपण क्रिकेटच्या गावचे. क्रिकेटमध्ये मैदानावरचा मालक कप्तान. बॉलिंग कुणाला द्यायची, फिल्डर कुठे लावायचा, ते तो ठरवतो. संघ निवडायला निवड समिती वेगळी. कोच ड्रेसिंग रूममध्ये. फुटबॉलमध्ये यातली बरीचशी कामं एकाच माणसाकडे येतात. अकरा जण तो निवडतो, कोण कुठे उभा राहणार ते तो सांगतो, कुणाला कधी बाहेर काढायचं तेही तोच ठरवतो. इंग्लंडमध्ये त्याला मॅनेजर म्हणतात, जर्मनीत ट्रेनर. आपल्याकडे ‘टीम मॅनेजर’ म्हटलं, की तिकिटं, ओळखपत्रं आणि जेवणाचे डबे सांभाळणारा माणूस डोळ्यांपुढे येतो, म्हणून हा गोंधळ होतो. या भागात मी कोच म्हणेन तेव्हा तो सगळं ठरवणारा माणूस समजा.

पण अकरा नावं कागदावर लिहिणं हे त्याचं दिसणारं काम झालं. न दिसणारं काम वेगळंच असतं, आणि तेही लेवांडोवस्कीच्याच करिअरमध्ये सापडतं. थोडं मागे जाऊ.

पन्नास युरोंची पैज

लेवांडोवस्कीचा जन्म १९८८चा, वॉर्साचा. वडील ज्युदो खेळलेले, खेळाचे शिक्षक. २००५मध्ये ते वारले, तेव्हा पोरगा १६ वर्षांचा. पुढच्याच वर्षी लेगिया वॉर्सा या मोठ्या क्लबनं त्याला सोडून दिलं. गुडघा दुखावलेला होता, अंगानं बारीक होता. तिथून तो झ्निच प्रुश्कुफ या छोट्या क्लबात गेला. तिसऱ्या पायरीच्या लीगमध्ये सगळ्यात जास्त गोल त्याचे. पुढच्या सीझनला दुसऱ्या पायरीवर सगळ्यात जास्त गोल त्याचेच. मग लेख पोझनान, तिथे २०१० साली लीगचं विजेतेपद, परत सगळ्यात जास्त गोल. त्याच उन्हाळ्यात जर्मनीत बोरुसिया डॉर्टमुंड. कोच युर्गन क्लॉप.

तिथलं पहिलं वर्ष काही खास गेलं नाही. संघ चॅम्पियन झाला, पण लेवांडोवस्कीचे लीगमधले गोल आठ. बहुतेक वेळा बदली म्हणून उतरायचा, तेही आवडत्या जागेवर नाही, तिच्या मागे. सरावात क्लॉपनं त्याच्याशी पैज लावली : एका सरावात दहा गोल मारलेस तर ५० युरो मी देणार, नाही मारलेस तर तू मला द्यायचे. लेवांडोवस्कीनं ही गोष्ट स्वतः लिहिली आहे. सुरुवातीला जवळजवळ रोज खिशातून पैसे काढणारा तोच. काही महिन्यांनी पैसे द्यायची पाळी क्लॉपवर यायला लागली. शेवटी क्लॉपनंच पैज बंद केली.

सप्टेंबर २०११मध्ये चॅम्पियन्स लीगला डॉर्टमुंड मार्सेकडून ३–० हरलं. त्यानंतर लेवांडोवस्की क्लॉपकडे गेला आणि तुम्हाला माझ्याकडून नक्की काय हवंय, ते सरळ विचारलं. बराच वेळ बोलणं झालं. वडिलांशी जे बोलायचं राहून गेलं होतं तसं ते बोलणं वाटलं, असं तो सांगतो. पुढच्याच लीग सामन्यात ऑग्सबुर्गविरुद्ध त्याची हॅट्ट्रिक. त्या सीझनला लीगमध्ये २२ गोल. एप्रिल २०१३मध्ये त्याच क्लॉपच्या हाताखाली रेआल माद्रिदला एका रात्रीत चार गोल.

म्हणजे बघा, खेळाडू तोच. पाय तेच. मधे एक माणूस आला. त्यानं हरल्यानंतरच्या दिवशी दार बंद केलं नाही, उलट बसवून घेतलं. माझ्या मते कोच ओळखायचा तो इथे. जिंकलेल्या दिवशी सगळेच कोच हुशार असतात. हरल्याच्या दुसऱ्या दिवशी तो काय करतो, ते बघायचं.

तुम्ही म्हणाल, जर्मनी आणि पोलंडच्या गप्पा पाथरीत बसून कशाला? तर त्याचं कारण हे, की असाच एक माणूस आपल्या फार जवळ होऊन गेला. इतका जवळ, की काही काळ आपण एकाच राज्यात राहत होतो.

काचीगुड्याचे मास्तर

पाथरीहून मानवत रोडला गेलं, की हैदराबादकडे जाणारी लाईन सापडते. निझामाच्या काळात टाकलेला मनमाड–हैदराबाद लोहमार्ग तो. काचीगुडा हे नाव आपल्याकडे कुणाला नवीन नाही. गाडीच्या पाटीवर लहानपणापासून वाचतो आपण. या काचीगुड्याच्या शाळेत एक शिक्षक होते, सय्यद अब्दुल रहीम. जन्म १९०९चा, उस्मानिया विद्यापीठात शिकलेले. नंतर हैदराबादमधल्या आणखी काही शाळांत त्यांनी शिकवलं. शारीरिक शिक्षणाची पदविका घेतली. लोक त्यांना रहीमसाब म्हणत. मी मात्र मास्तर म्हणणार, कारण हाडाचे मास्तरच होते ते.

तेव्हा पाथरी, परभणी, अख्खा मराठवाडा हैदराबाद संस्थानात. १७ सप्टेंबर १९४८ला आपण मुक्त झालो, पण त्यानंतरही आठ वर्षं आपली राजधानी हैदराबादच होती. दोन वर्षांनी, म्हणजे १९५०मध्ये, रहीम मास्तरांनी हैदराबाद सिटी पोलीस या संघाची जबाबदारी घेतली. आणि मग या संघानं काय केलं माहितीय? मुंबईत रोव्हर्स कप नावाची स्पर्धा असायची, १८९१पासून चालत आलेली, देशातल्या मोठ्या स्पर्धांपैकी एक. हैदराबादच्या पोलिसांनी ती १९५० ते १९५४ सलग पाच वेळा जिंकली. मुंबईच्या कूपरेज मैदानावर येऊन, मुंबईकरांसमोर, पाच वर्षं कप उचलून न्यायचा! आजच्या भाषेत सांगायचं तर त्यांनी कूपरेजला आपलं होम ग्राउंड करून टाकलं होतं.

हे जमलं कसं? तर मास्तरांच्या डोक्यातून. त्या काळी आपल्याकडे ज्याला बॉल पायाला चिकटवून चार जणांना चकवता येतं तो हिरो. मास्तरांनी हैदराबादमध्ये स्पर्धा भरवल्या, त्यात ड्रिबलिंगला बंदी. बॉल आला की द्यायचा. आणखी एक प्रकार : ज्या पायानं तुम्ही कच्चे, त्याच पायानं खेळायचं. गल्लीत करून बघा एकदा. उजव्या पायाच्या पोराला डाव्यानं खेळायला लावलं, की दहा मिनिटांत सगळा माज उतरतो. पण महिनाभरानं त्याच्याकडे दोन पाय असतात.

आणि एक गोष्ट तर मला फार आवडते. तुलसीदास बलराम हे भारताच्या सगळ्यात मोठ्या फुटबॉलपटूंपैकी एक. सिकंदराबादजवळच्या अम्मुगुड्याचे, घरची परिस्थिती बेताची. मास्तरांनी त्यांचा खेळ बघून हैदराबादला सरावाला बोलावलं. यायचं कसं? सायकल भाड्यानं घ्यायलाही पैसे नव्हते. तेव्हा मास्तरांनी सायकलच्या भाड्यासाठी त्यांना रोजचा एक रुपया द्यायला सुरुवात केली. ही आठवण बलराम म्हातारपणापर्यंत सांगत राहिले. २०२३मध्ये ते गेले. एक रुपया! ‘टॅलेंट स्काउटिंग’ हा शब्द आपण आज किती सहज वापरतो. खरं बघितलं तर ते काम दोन भागांचं आहे. पोरगं ओळखणं हा पहिला भाग, आणि ते मैदानापर्यंत पोचेल याची सोय करणं हा दुसरा. दुसरा भाग बहुतेक जण विसरतात.

हेलसिंकी : १०–१

१९५१मध्ये दिल्लीला पहिल्या आशियाई स्पर्धा झाल्या. रहीम मास्तर भारताचे कोच. अंतिम सामन्यात इराणवर १–० विजय, गोल साहू मेवालालचा. सुवर्णपदक. सगळीकडे जल्लोष.

पुढच्या वर्षी हेलसिंकी ऑलिंपिक. हो, तेच हेलसिंकी, जिथे २०२५मध्ये पोलंड हरला. १५ जुलै १९५२ला भारताची गाठ युगोस्लाव्हियाशी पडली. आपले बरेचसे खेळाडू अनवाणी. त्या थंडीत, त्या ओल्या गवतावर, बूट घातलेल्या युरोपियन संघासमोर. निकाल १०–१. दहा!

इथे मास्तरांची खरी परीक्षा होती. आशियाई सुवर्णाच्या फोटोवर आयुष्यभर जगता आलं असतं. खेळाडूंवर खापर फोडता आलं असतं. हवामानाला नावं ठेवता आली असती. त्याऐवजी पुढच्या काळात दोन गोष्टी घडल्या. भारतीय फुटबॉल संघटनेनं बूट सक्तीचे केले. आणि मास्तर परत अभ्यासाला बसले. १९५३मध्ये हंगेरीच्या संघानं इंग्लंडला इंग्लंडमध्येच, वेम्ब्लीवर, ६–३ हरवलं होतं. त्यांची युक्ती अशी, की पुढे उभा राहणारा सेंटर फॉरवर्ड थोडा मागे ओढायचा. मग समोरच्या बचावपटूला कळेना, याच्या मागे जावं की आपली जागा धरावी. मागे गेला तर पाठीमागे मोकळं रान. मास्तरांनी हे समजून घेतलं आणि आपल्या पोरांना शिकवलं. जुनी मांडणी मोडायला धाडस लागतं हो, खास करून त्याच मांडणीनं सुवर्णपदक दिलेलं असताना.

१ नोव्हेंबर, १ डिसेंबर

आता येऊ १९५६वर. हे वर्ष आपल्या सगळ्यांचं आहे. १ नोव्हेंबर १९५६ला राज्यांची पुनर्रचना झाली. हैदराबाद राज्य संपलं. मराठवाडा मुंबई राज्यात आला. म्हणजे आदल्या दिवशीपर्यंत पाथरीची राजधानी हैदराबाद, दुसऱ्या दिवसापासून मुंबई.

बरोबर एक महिन्यानं, १ डिसेंबर १९५६ला, मेलबर्न ऑलिंपिकच्या मैदानावर हैदराबादचा कोच आणि मुंबईचा सेंटर फॉरवर्ड एकत्र होते. त्या सेंटर फॉरवर्डचं नाव नेव्हिल डिसूझा. वय २४. कुटुंब मूळचं गोव्याचं, खेळ बहरला मुंबईत. गंमत बघा, गोवा तेव्हा पोर्तुगिजांकडे होता, तो मोकळा झाला १९६१मध्ये. आणि गोव्याच्या मातीतला हा पोरगा भारताचा शर्ट घालून उभा होता.

संघात हैदराबादची भरपूर पोरं : अझीझुद्दीन, नूर मोहम्मद, झुल्फिकारुद्दीन आणि आपले एक रुपयावाले बलराम. कप्तान बंगालचे समर ऊर्फ बद्रू बॅनर्जी. सोबत पी. के. बॅनर्जी. पहिल्या फेरीत न खेळताच पुढे चाल मिळाली. उपांत्यपूर्व फेरीत समोर यजमान ऑस्ट्रेलिया, त्यांच्याच देशात.

९व्या मिनिटाला नेव्हिलचा गोल. १७व्या मिनिटाला ऑस्ट्रेलियाची बरोबरी. ३३व्या मिनिटाला परत नेव्हिल. ४१व्या मिनिटाला परत बरोबरी. मध्यंतराला २–२. ५०व्या मिनिटाला नेव्हिलचा तिसरा. हॅट्ट्रिक! ऑलिंपिक फुटबॉलमध्ये हॅट्ट्रिक करणारा तो पहिला आशियाई खेळाडू. ८०व्या मिनिटाला कृष्णस्वामी ऊर्फ किट्टू यांचा चौथा. सामना ४–२.

भारत ऑलिंपिकच्या उपांत्य फेरीत! तिथवर पोचलेला आशियातला पहिला संघ. आणि हा नशिबाचा भाग म्हणावा, तर पुढे १२ डिसेंबरला सिडनीत ऑस्ट्रेलियाशी परत सामना झाला. तो आपण ७–१ जिंकला.

उपांत्य फेरीत समोर कोण? तोच युगोस्लाव्हिया, चार वर्षांपूर्वी दहा गोल मारणारा. मध्यंतरापर्यंत ०–०. ५२व्या मिनिटाला नेव्हिलनं गोल मारला, भारत १–० पुढे. विचार करा, हेलसिंकीच्या जखमेनंतर ते दोन मिनिटं मास्तरांना कसं वाटलं असेल. दोनच मिनिटं, कारण ५४व्या मिनिटाला बरोबरी झाली, मग आणखी गोल झाले आणि सामना १–४ गेला. कांस्यपदकासाठी बल्गेरियाशी ०–३. भारत चौथा. नेव्हिलचे चार गोल, स्पर्धेतल्या सर्वाधिक गोलच्या यादीत संयुक्त पहिला.

१०–१वरून ४–१वर आलो, हरलोच की, असं कुणी म्हणेल. मी म्हणेन, चार वर्षांत एका शाळामास्तरानं काय केलं ते मोजायचं असेल तर हे दोन आकडे शेजारी ठेवा.

पण एक हिशेब सरळ करायला हवा. ते चार गोल नेव्हिलचे. मास्तरांनी एकही मारलेला नाही. कोचचं कौतुक करता करता खेळाडूचं श्रेय खायचं नसतं. नेव्हिलकडे गोल करायची नजर होती, ती कुणी शिकवलेली नव्हती. मास्तरांनी ती नजर कामाला येईल असे दहा जण त्याच्याभोवती उभे केले. एकाला बॉल लवकर सोडायची सवय लावली, दुसऱ्याला दोन्ही पाय दिले. डॉर्टमुंडमध्ये लेवांडोवस्कीच्या वाट्याला आलं, तेच या पोराच्या वाट्याला काही आठवडे आलं. लेवांडोवस्कीचं पुढे काय झालं ते जगानं टीव्हीवर बघितलं. नेव्हिल १९८०मध्ये वयाच्या ४७व्या वर्षी गेला. मुंबईच्या किती पोरांना आज त्याचं नाव माहीत असेल, तुम्हीच सांगा.

मुलगा बाकावर

१९६०मध्ये रोम ऑलिंपिक. हंगेरीशी १–२, फ्रान्सशी १–१, पेरूशी १–३. या संघात एक नाव होतं सय्यद शाहिद हकीम. रहीम मास्तरांचा मुलगा. तिन्ही सामने तो बाकावर बसून होता. बाप कोच, पोरगा ऑलिंपिकला गेलेला, आणि एक मिनिट मैदानावर नाही! आपल्याकडे साध्या तालुका पातळीच्या संघात कुणाचा भाचा, कुणाचा पुतण्या कसा शिरतो, ते मी वेगळं सांगायला नको. म्हणून ही गोष्ट मुद्दाम सांगितली. खेळाडू कोचवर विश्वास ठेवतात तो अशा गोष्टींमुळे.

जकार्ता, आणि संपत आलेला वेळ

१९६२. जकार्ताच्या आशियाई स्पर्धा. यावर आता ‘मैदान’ सिनेमा आलाय, २०२४चा, अजय देवगणचा. बऱ्याच जणांनी बघितला असेल. सिनेमातलं सोडा, नुसती नोंदलेली हकिकतही पुरेशी आहे.

मास्तरांना फुप्फुसाचा कर्करोग झालेला. पहिलाच सामना दक्षिण कोरियाकडून ०–२ हरलो. परत हरल्यानंतरचा दिवस आला बघा. त्यानंतर थायलंड ४–१, पण त्या सामन्यात जर्नेल सिंग या बचावपटूचं डोकं फुटलं. जपानवर २–०. उपांत्य फेरीत मास्तरांनी काय करावं? डोक्याला टाके पडलेल्या त्याच बचावपटूला पुढे सेंटर फॉरवर्ड म्हणून उभं केलं. दक्षिण व्हिएतनामला ३–२ हरवलं, त्यात एक गोल जर्नेलचा.

४ सप्टेंबर, अंतिम सामना, समोर परत दक्षिण कोरिया. स्टेडियममध्ये लाखभर प्रेक्षक आणि ते आपल्या विरोधात. इंडोनेशियानं इस्रायल आणि तैवानच्या खेळाडूंना येऊ दिलं नव्हतं, त्यावर भारतीय पदाधिकारी जी. डी. सोंधी यांनी आक्षेप घेतला होता, त्याचा हा राग. गोलकीपर थंगराज तापातून उठलेला, तरी मास्तरांनी त्याला उतरवलं. आदल्या रात्री मास्तरांनी पोरांना गोळा करून एक भेट मागितली, अशी आठवण त्या संघातले खेळाडू सांगत. भेट म्हणजे सुवर्णपदक. १७व्या मिनिटाला पी. के. बॅनर्जी, २०व्या मिनिटाला तेच टाके पडलेले जर्नेल सिंग. कोरियाचा एक गोल अगदी शेवटी. २–१. कप्तान चुनी गोस्वामी. भारतीय फुटबॉलचं आशियाई स्पर्धांतलं ते शेवटचं सुवर्ण.

११ जून १९६३ला रहीम मास्तर गेले. वय ५३. कोचना दिला जाणारा द्रोणाचार्य पुरस्कार सुरू झाला १९८५मध्ये, बावीस वर्षांनी.

मास्तर गेल्यावर

‘मास्तर गेले आणि भारतीय फुटबॉल संपला’ असं एक वाक्य तुम्हाला रील्सवर भेटेल. ते जरा घाईचं आहे. १९६४मध्ये आपण आशियाई कपमध्ये दुसरे आलो. १९७०च्या आशियाई स्पर्धांत कांस्य मिळालं, आणि त्या संघाच्या कोचपैकी एक होते मास्तरांचेच पी. के. बॅनर्जी. म्हणजे मास्तरांची शिकवण लगेच विझली नाही. पण पुढे ती पसरली नाही. जपान, कोरिया, इराण पळत सुटले आणि आपण जुन्या पद्धतीनं चालत राहिलो. कितीतरी वर्षं आपले देशातले सामने ७० मिनिटांचे असायचे, जग ९० मिनिटं खेळत असताना! रोमनंतर भारतीय पुरुष संघ ऑलिंपिकला पुन्हा कधी गेला नाही.

इथे परत पोलंडकडे बघा. काझिमिएश गुर्स्की हा माणूस देशासाठी एकच सामना खेळला, १९४८मध्ये डेन्मार्कविरुद्ध, आणि तो पोलंड ०–८ हरला. हाच माणूस कोच झाला. १९७२च्या म्युनिक ऑलिंपिकमध्ये सुवर्ण. १९७४च्या विश्वचषकात तिसरा क्रमांक, त्या स्पर्धेत सगळ्यात जास्त गोल त्याच्याच झेगोश लातोचे, सात. १९७६ला मॉन्ट्रियलमध्ये रौप्य. मग गुर्स्की गेला, आणि तरी १९८२ला दुसऱ्या कोचच्या हाताखाली पोलंड विश्वचषकात परत तिसरा आला. एक माणूस उठून गेला तरी काम थांबलं नाही. आपल्याला रहीम मिळाले, पण रहीम घडवायची शाळा आपण काढली नाही. मला वाटतं आपलं नुकसान तिथे झालं.

आणि शाळेवरून मुद्द्यावर येतो. रहीम मास्तर कुठल्या परदेशी अकादमीतून आले नव्हते. काचीगुड्याच्या शाळेतले शिक्षक होते ते. लेवांडोवस्कीचे वडीलही खेळाचे शिक्षक. आपल्याकडे पी.टी.चा तास म्हणजे गणिताचा राहिलेला पोर्शन संपवायचा तास. मी ज्या शाळेत शिकलो तिथे मैदान होतं, बॉलही होता, पण तो कपाटात आणि कपाटाची किल्ली भलत्याच माणसाकडे. तुमच्यापैकी बऱ्याच जणांचा अनुभव याहून वेगळा नसेल. अशा ठिकाणी एखादं लेवांडोवस्कीसारखं पोरगं असेलही. १७व्या वर्षी गुडघा दुखावेल, कुणीतरी म्हणेल हा बारीक आहे, आणि ते पोरगं कामधंद्याला लागेल. कुणाला कळणारही नाही काय गेलं ते.

पण याच्या उलटही घडतं. पाथरीत, मानवतला, सेलूला, कुठे ना कुठे एखादे सर किंवा मॅडम सकाळी सहाला पोरं घेऊन मैदानावर असतात. पदरचे पैसे घालून बॉल आणतात, लांबच्या गावच्या पोराला गाडीवर मागे बसवून आणतात. त्यांची नावं पेपरात येत नाहीत. रहीम मास्तरांचा एक रुपया मला आठवतो तो अशा लोकांमुळे.

तर मंडळी, या वेळचं काम एवढंच. तुम्ही कबड्डी, खो-खो, क्रिकेट, काहीही खेळला असाल. हरल्यानंतरच्या दिवशी तुमच्याशी नीट बोललेला असा कुणी माणूस असेल, तर त्याला आज फोन करा. आणि त्यांनी काय केलं होतं ते आम्हाला व्हॉइस नोट करून पाठवा, नाव न सांगता पाठवली तरी चालेल. पुढच्या भागात त्यातल्या काही ऐकवू.

भेटू मग. राम राम, सलाम, जय भीम, जय महाराष्ट्र!